शिवेवरचा पाठमोरा धोंडा

तांबरगावच्या शिवेवर पहिल्यांदा उभं राहणाऱ्याला काहीतरी चुकल्यासारखं वाटतं, पण काय चुकलंय ते लगेच सांगता येत नाही. उघडा माळ, मोकळा वारा, शेंदूर फासलेला कमरेएवढा धोंडा, पुढ्यात नारळाच्या करवंट्या. सगळं चार गावांच्या शिवेसारखंच. मग ध्यानात येतं. शिवेचा धोंडा गावाकडे तोंड करून असतो, राखणदारानं घराकडे एक डोळा ठेवावा तसा. इथला धोंडा गावाला पाठ करून उभा आहे. त्याचे रंगवलेले डोळे उगवतीकडे, धुळाईच्या वाडीकडे लागलेले आहेत.

"चुकून नाही बसवलेला," दगडू गुरव पाहुण्यांना सांगतो. शिवेची पूजा त्याच्या घराण्याकडे आहे. "जुन्या लोकांनी फिरवून बघितला म्हणे. सकाळी पुन्हा पाठमोरा."

यंदा पाहुण्यांच्या पुढे मयूरी उभी होती, गावातली नवी सून. हात अजून हळदीनं पिवळे, आणि कुणाचा मोबाईल वाजला तरी दचकत होती. या धोंड्यापाशी तिला काय करायचं आहे ते घरात कुणी नीट सांगितलं नव्हतं. सासू नुसती म्हणाली होती, "गुरवबाबा सांगतील."

गुरव सांगतो ते असं.

बादशाही अंमल होता. मोठा दुष्काळ होऊन गेला होता, गावंच्या गावं ओस पडली होती, आणि कुणाची जमीन कुठवर हे सांगणारी माणसं मातीआड झाली होती. तेव्हा हुकूम निघाला, की सगळ्या मुलखाची नव्यानं मोजणी करा. कुठं पांढरी, म्हणजे घरांची जागा, आणि कुठवर काळी, म्हणजे पिकाची जमीन, हे दप्तरात लिहून घ्या. आणि जिथं शिवेचा दगड उरला नाही, साक्षीदारही उरला नाही, तिथं गावानं दिव्य करावं.

ते दिव्य हाकेचं. गावच्या पांढरीचं ढेकूळ डोक्यावर घेऊन एकानं अनवाणी निघायचं आणि दर चढावर गावाला हाक मारायची. वेशीत पंच हातात शपथेचा बेलभंडार घेऊन बसलेले. हाक सुतासारखी बारीक झाली, आता तुटणार असं वाटलं, की शिंग फुंकून साऱ्या गावानं 'ओ' द्यायची. ओ ऐकू आली तिथं शीव. जिथवर गावाची हाक, तिथवर गावाची काळी. पण ओ मिळेपर्यंत चालणाऱ्यानं ढेकूळ उतरवायचं नाही, बसायचं नाही, पाणी प्यायचं नाही, मागं वळून बघायचं नाही. यातलं एक जरी मोडलं, तरी गावाची ती सगळी बाजू गेली.

तांबरगावचा पाटील सिदोजी. त्यानं दिव्याला पुरुष नेमला नाही, धाकटी सून नेमली. राही तिचं नाव. शेतातल्या माळ्यावर उभी राहून ती पाखरं हाकायची तेव्हा ओढ्यापलीकडच्या भोरड्यांचे थवे उठायचे, असा तिचा गळा. पण खरं कारण ते नव्हतं म्हणतात. दिव्यात खोट झाली तर ती ढेकूळ उचलणाऱ्याच्या रक्ताला लागते. सून परक्या रक्ताची, आणि तिचं माहेर दुष्काळात पुसून गेलेलं, त्यामुळे उद्या जाब विचारायला येणारंही कुणी नव्हतं.

त्या दिवशी राही उठली तेव्हा पाळणा जागेवर नव्हता.

माजघरातल्या तुळईला नुसते दोर लोंबत होते. ती धावली. पाळणा सापडला वेशीला लागून असलेल्या उगवतीच्या गोठ्यात, आणि तान्ही लेक त्यात झोपलेली.

"इकडं हिला कुणी आणली, आत्याबाई?"

"मीच," सासू म्हणाली. तानाई तिचं नाव. "इथं वारा लागतो पोरीला. तू जा निर्धास्त. उठली तर गाईचं दूध पाजीन."

मग तानाईनं तेलाची वाटी घेतली आणि खाली बसून राहीच्या तळपायांना तेल चोळलं. सासूनं सुनेच्या पायाला हात लावावा ही कुठलीच रीत नव्हती. राहीनं पाय आखडून घेतला. तानाईनं तो ओढून पुन्हा चोळला.

निघताना राही म्हणाली, "येते."

"जा," सासू म्हणाली.

तोवर मोजणीचा अमीन वेशीतल्या लिंबाखाली येऊन बसला होता. ढेकूळ डोक्यावर ठेवलं गेलं. अमिनाचा एक स्वार शीव ठरेल तिथं खूण करायला राहीच्या मागोमाग निघाला. गावानं हळद उधळली, हलगी वाजली, मग सगळं चिडीचूप झालं.

पहिल्या चढावरून हाक आली. "तांबरगावची मी! कुणी हाय का गाऽऽ?" लख्ख आली. पंचांनी माना डोलावल्या. पुढच्या चढावरूनही आली. ओढ्यापाशी मात्र ती अगदी बारीक झाली, आणि राहीचा नवरा खेलोजी यानं शिंग तोंडाला लावायला उचललं.

"ठेव खाली," सिदोजी म्हणाला.

"आबा, आता आवाज लागंना."

"तुझ्या कानात काय माती गेली? मला तर लख्ख ऐकू येतंय. काय रं पंचांनो?"

"येतंय की," एक म्हातारा हातातल्या बेलाकडे बघत म्हणाला. दुसरा हसला. "पाटील, सुनंचा गळा म्हंजी गळाच. सासूला रोज ऐकावा लागतूया, तिला इचारा."

सिदोजी लेकाच्या कानाशी वाकला. "ओढ्यापल्याड पुरुषभर खोल काळी हाय. तुझ्या लेकरांनी काय खडी खायची?"

"ऊन तापलंय, आबा. तिच्या डोक्यावर ढेकूळ हाय."

"ढेकूळच हाय. डोंगर न्हाई."

अमीन काही आंधळा-बहिरा नव्हता. कान देऊन तो म्हणाला, "पाटील, आम्हाला काहीच ऐकू आलं नाही."

तेवढ्यात वाऱ्यावर एक आवाज आला. बारीक, ताणलेला, दुरून यावा तसा. सिदोजीनं बोट उगवतीकडे केलं. "ही बघा, सरकार. हाक मारतीया."

अमिनानं ऐकलं आणि मान डोलावली. आवाज उगवतीकडूनच येत होता.

खेलोजीला मात्र तो आवाज ओळखू आला. त्यानं गोठ्याकडे पाहिलं. दाराशी तानाई उभी होती, हातात दुधाची वाटी, वाटीवर पदर. आत त्याची लेक भुकेनं टाहो फोडत होती. तो आईपाशी गेला आणि हळूच म्हणाला, "पाज की तिला."

"दिव्य चालू हाय," तानाई म्हणाली. "गावात आज कुणी तोंड उष्टं करायचं न्हाई."

शिंग अजून खेलोजीच्याच हातात होतं.

पुढे माळावर राही चालत होती. ओढा ओलांडताना तिला वाटलं, आता ओ येईल. आली नाही. काळी माती लागली, तळव्यांना जरा गारवा मिळाला, तिथंही तिनं हाक मारली आणि कान लावले. नुसता वारा. तिला वाटलं, आपलाच आवाज बसलाय, आपलंच चुकतंय. म्हणून पुढची हाक तिनं पोटातून ओढून मारली, त्याच्या पुढची त्याहून मोठ्यानं. काळी संपली, खडकाळ माळ लागला. तळपायांचं तेल केव्हाच उडालं होतं. खड्यांवर रक्ताचे ठसे उठू लागले. ढेकळाची माती घामात विरघळून डोळ्यांत उतरत होती, पुसायला हात मोकळे नव्हते.

मग दूध दाटून आलं. चोळी भिजली. पोर उठली असणार, पाजायची वेळ टळून गेली, हे तिला उन्हाकडे न बघताच कळलं.

स्वारानं घोडा जवळ घेतला. त्यालाही घरी पोरंबाळं होती. "बाई, उतरवा ते ढेकूळ. पाणी प्या. मी कुणाला सांगायचा नाही."

"माझी लेक त्या गावात हाय, दादा," राही म्हणाली. "मी हे टाकलं, गावाची जमीन गेली, तर उद्या तिला तिथं कोण भाकरी घालंल?"

थोडं पुढं गेल्यावर स्वार म्हणाला, "तुमचं गाव बहिरं आहे का हो?"

मागं वळायची बंदी होती, म्हणून राहीनं मागं पाहिलं नाही. पाहिलं असतं तरी दिसलं काय असतं? गाव केव्हाच क्षितिजाखाली गेलं होतं.

इकडे दुपार कलली आणि गोठ्यातला आवाज थांबला.

"हाक थांबली," अमीन म्हणाला.

तेव्हा सिदोजीनं लेकाच्या हातून शिंग घेतलं आणि छाती भरून फुंकलं. सारं गाव ओरडलं, "ओऽऽ! हाय गं, ये माघारी!" तांबरगावनं ओ दिली ती अशी. ऐकायला कुणी नव्हतं.

तानाई वाटी घेऊन आत गेली. पोर झोपली होती असं सांगतात. सांगणारा ते सांगताना कुणाच्या तोंडाकडे बघत नाही.

सांजेला स्वार एकटा परतला. सिदोजीनं सुनेचं काही विचारलं नाही. विचारलं ते हे, "कुठवर गेली?" स्वारानं माळाच्या पार टोकाची जागा सांगितली, तिथंच पुढं शिवेचा धोंडा बसला. पंचांनी गुलाल उधळला. मग स्वार खेलोजीकडे वळून म्हणाला, "तिला ओ मिळाली. तुमची नव्हती."

अमिनानं दप्तरात लिहून घेतलं. ओढा लिहिला, दोन विहिरी लिहिल्या, आंब्याची झाडं लिहिली, ओढ्यापासून धोंड्यापर्यंत सगळी जमीन काळी, अव्वल, असं लिहिलं. राहीचं नाव कुठंच नाही. पुढच्या मृगाला गावानं त्या नव्या जमिनीत पेरलं. उगवलं नाही. दुबार पेरलं, तरी नाही. माती तीच, पाऊस तोच, बी तेच, पण ओढ्याअलीकडचं तरारून यायचं आणि पलीकडं गवतसुद्धा फुटायचं नाही. दप्तरात मात्र ती अव्वल काळी, त्यामुळे शेतसारा अव्वलच भरावा लागला. सिदोजीनं भरला, मग खेलोजीनं, मग भाऊबंदांनी गुरंढोरं विकून भरला. जमीन टाकून देतो म्हणायची सोय नव्हती, कारण पाच जणांनी बेलभंडार उचलून ती मागून घेतली होती. आजही तिला मुका माळ म्हणतात. त्यावर पाखरूही बोलत नाही.

आणि ज्या ठिकाणाहून ओ आली, तिथं वस्ती बसली. धुळाई नावाची म्हातारी धनगरीण होती. दुष्काळात तिची माणसं मेंढरं घेऊन पुढं गेली, हिला चालवेना म्हणून ही मागं ठेवली गेली. दोन मेंढ्या आणि एक खोप, एवढाच तिचा संसार. राहीच्या डोक्यावरचं ढेकूळ तिच्या दारात उतरलं. ज्या मातीवर तांबरगाव वसलं ती पांढरी धुळाईच्या दारात पडली, तिच्याभोवती वाडी झाली. तांबड्या माळावर वाडीच्या मधोमध पांढऱ्या मातीचा एक उंचवटा आहे, तो आजही दाखवतात. राही तिथंच राहिली. आवाज मात्र पुन्हा फुटला नाही म्हणे. खेलोजी एकदा न्यायला आला होता. तिनं त्याला हातानंच विचारलं, पाळणा झुलवतात तसा हात करून. तो मान खाली घालून उभा राहिला. तिनं त्याच्याकडे पाठ केली.

"तेव्हापासून," गुरव म्हणाला, "तांबरगावात आलेल्या सुनेचं माहेर कुठलंही असो, एक माहेर धुळाईच्या वाडीला. साडीचोळी तिकडून येते. नांदवणूक नीट नसली तर जाब विचारायलाही तिकडचीच माणसं येतात. आणि दरसाल या दिवशी गावात लेकुरवाळ्या वेशीत येऊन बसतात. ज्या मांडीवर पोर रडेल त्या मांडीवरून दुसरी उचलून घेते. पोराचा आवाज वेशीबाहेर जाऊ द्यायचा नाही."

मयूरीनं मागं पाहिलं. तिची सासू, दीर, नवरा, सगळे धोंड्यापासून लांब, तिच्याकडे पाठ करून उभे होते.

"हाक मार, बाई," गुरव म्हणाला.

"कुणाला?"

"ते राहीनंही विचारलं नव्हतं."

"गावातलं कुणी ओ देणार नाही?"

"आमची ओ एकदा देऊन झाली. ती आता चालत नाही."

"मग राहीला त्या दिवशी... तिनं शेवटची हाक मारली तेव्हा काय झालं?"

गुरवानं करवंट्या बाजूला सारल्या. "तिचा गळा गेला होता. ओठ हलत होते, एवढंच. पुढचं मी कधी कुणाला सांगत नाही. ते सुनेनं स्वतः ऐकायचं असतं."

मयूरी धोंड्याशेजारी उभी राहिली, त्याच्यासारखीच गावाकडे पाठ करून. तोंड उघडलं, पण पहिल्यांदा नुसती हवाच आली. दुसऱ्यांदा आवाज फुटला, चिरकला, वाऱ्यात विरून गेला. मागं कुणी हललं नाही. तिच्या डोळ्यांत पाणी आलं. खरोखरच कुणी ओ नाही दिली तर, असं तिच्या मनात आलं, आणि तिला एवढी भीती वाटली की तिनं डोळे मिटून, छाती फुटेल अशी हाक मारली.

"तांबरगावची मी! कुणी हाय का गाऽऽ?"

मुका माळ मुकाच राहिला. वारा पडला. लांब वाडीत एक कुत्रं भुंकलं आणि गप्प झालं.

आणि मग उगवतीकडून, एका बाईच्या आवाजात, पाठोपाठ दुसऱ्या बाईच्या, मग कितीतरी बायकांच्या,

"ओऽऽ! हाय गं बाई, हाय! ये इकडंऽऽ!"