टेकडीवरच्या पिल्लांची शाळा

फार जुनी गोष्ट आहे. एका टेकडीवर प्राण्यांची शाळा होती. म्हातारे ससेगुरुजी तिथे सगळ्यांच्या पिल्लांना शिकवायचे. शिकवण्यात दिवस जाई, मग चरायला वेळ कुठला? म्हणून टेकडीने ठरवलं होतं, की ज्याचं बीळ जेवढं मोठं, तेवढी कंदमुळं त्याने शाळेला द्यायची.

सर्वांत मोठं बीळ साळिंदरदादांचं. एके वर्षी ते म्हणाले, "मला पिल्लंच नाहीत. दुसऱ्यांच्या पोरांसाठी मी का देऊ?"

"नका देऊ, दादा," शेजारची उंदरीण म्हणाली. "पण शाळा आम्ही बंद पडू देणार नाही."

लहान बिळांतल्या प्राण्यांनी दादांचा वाटाही उचलला. शाळा चालू राहिली.

चैत्रात वणवा पेटला. थोरले प्राणी सैरावैरा धावू लागले. पिल्लं मात्र गुरुजींनी शिकवल्याप्रमाणे ओळीने उभी राहिली. "गवत उपटा! आगीला खायला काडीसुद्धा ठेवू नका!" उंदरिणीची लेक ओरडली. बघता बघता टेकडीच्या पायथ्याशी रुंद, मोकळा पट्टा तयार झाला. ज्वाळा तिथपर्यंत आल्या, तडतडल्या आणि विझल्या. पिल्लांनी एकच जल्लोष केला! टेकडीवरचं एकही बीळ जळलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी साळिंदरदादा कंदांचा मोठा भारा ओढत शाळेत आले.

गुरुजी हसून म्हणाले, "या! कुणाचे पालक म्हणून आलात?"

धुराने काळवंडलेल्या त्या चिमुकल्या चेहऱ्यांकडे दादांनी डोळे भरून पाहिलं.

"या सगळ्यांचा," ते म्हणाले.