बाई आधी काळोख लावतात

“मग रात्रभर जागायला काय झालं?” बाईंनी विचारलं.

शेवटचा प्रवेश, मी म्हटलं. माझी कावेरी सहा वर्षांची. नाटकाच्या शेवटी ती रंगमंचावर एकटी उभी असते आणि दिवे जातात. पूर्ण काळोख. त्यात ती घाबरली, धावत सुटली, पाय अडकून पडली तर... रात्रभर ती माझ्या डोळ्यांपुढे पडतच होती.

“दिवे कोण घालवतं?”

“मीच.”

बाईंनी चपला पायात सरकवल्या आणि माझ्याबरोबर तालमीला निघाल्या.

इंदुमती पोतनीस. मिरजेत सगळे त्यांना नुसतं बाई म्हणतात. नाटकाच्या जाहिरातीत नेपथ्य, रंगभूषा, झालंच तर खुर्च्या पुरवणाऱ्याचंही नाव यायचं, दिवे करणाऱ्याचं नसायचं, त्या काळापासून त्या दिवे करत आल्या. दिवे हळूहळू मंद-प्रखर करणारे डिमर मिळत नव्हते तेव्हा पिंपात मिठाचं पाणी भरून त्यात तारा जोडलेले पत्रे वरखाली केले आणि रंगमंचावर पहाट आणली. काष्टा मारून शिडीवर चढल्या तेव्हा खाली उभं राहून जे हसले, त्यांनीच पुढे त्यांच्या तारखा मिळाव्यात म्हणून चकरा मारल्या. हे सगळं मी इतरांकडून ऐकलेलं. बाई स्वतः एवढंच सांगतात की मोठा शॉक बसला नाही, म्हणून राहिले.

त्यांची एक पद्धत होती. नव्या थिएटरात गेल्या की आधी सगळे दिवे बंद करायला लावायच्या आणि मधल्या रांगेत बसून राहायच्या. झरोक्यातून, दाराच्या फटीतून उजेड कुठून येतो ते बघायच्या. तिथे काळं कापड ठोकून झालं की मगच पहिला दिवा. बाकीचे दिवे लावतात, बाई आधी काळोख लावतात, अशी आम्ही शिकणारी पोरं चेष्टा करायचो.

मी त्यांची हुशार शिष्या. तसं समजणाऱ्यांत मीही होते.

थिएटरात पोचल्यावर बाई नेहमीसारख्या मधल्या रांगेत बसल्या. दिवे बंद झाले. मी शेजारी उभी.

...

“तो निळा कुणाचा?”



डाव्या विंगेत, पडद्याआड, मी एक छोटा निळा दिवा वेगळ्या वायरवर चालू ठेवला होता. रंगमंचावर त्याचा जेमतेम धूसरपणा यायचा. पण काळोख फाटायचा. आमचे दिग्दर्शक महाबळ गेला आठवडा ती फट शोधत होते. सगळे शोधत होते. मीही शोधत होते.

उद्या पहिला प्रयोग. आजही काळोख जमला नाही तर शेवट बदलू, असं महाबळांनी सकाळीच सांगून टाकलं होतं. मुलीला आधीच आत पाठवू, शेवटी रिकामा रंगमंच. कावेरी तेव्हापासून कुणाशी बोलली नव्हती. सगळ्या नाटकात तिला तेवढी एकच जागा आपली वाटायची.

“माझा आहे,” मी म्हटलं. “कावेरीसाठी. तिला काळोखाची भीती वाटते.”

“तिनं सांगितलं?”

“सांगायला कशाला हवं? मला कळतं.”

“हं.”

तो ‘हं’ मला झोंबला. तोंडातून निघून गेलं, “तुम्हाला मूल असतं तर तुम्हालाही कळलं असतं, बाई.”

बोलले आणि वाटलं, आता हा काळोख मला गिळेल तर बरं.

बाई बोलल्या. आवाज होता तसाच.

“उजेड मी दुकानातून आणायचे, केतकी. काळोख मात्र दर वेळी मलाच करावा लागला.”

मग म्हणाल्या, “जा, पिन काढून ये.”

मी विंगेत गेले. पिन काढली. परत येऊन मागच्या बाजूला, दिव्यांच्या बोर्डापाशी बसले आणि रंगमंचाचे दिवे लावले. बाई उठून माझ्या शेजारी येऊन बसल्या. महाबळांनी शेवटचा प्रवेश सुरू करायला सांगितलं. कावेरी आली, खडूनं केलेल्या फुलीवर उभी राहिली. इतकी लहान दिसत होती.

माझा हात खटक्यावर. खाली येईना.

मला वाटलं, बाई हातावर हात ठेवतील. त्यांनी तसं काही केलं नाही. त्यांच्या मनगटावर जुनं घड्याळ होतं, अंधारात आकडे चमकतात तसलं. त्यांनी त्यावर पदर ओढून घेतला, आणि पुढे बघत बसल्या.

मी खटका खाली आणला.

काहीच दिसेना. माझा हातसुद्धा. कावेरीचा आवाज नाही. रडणं नाही, पाऊल नाही... श्वाससुद्धा नाही.

“कावू...”

“हाक मारू नकोस,” बाई हळूच म्हणाल्या. “ती कामात आहे.”

तोवर माझा हात आपसूक वर गेला होता. दिवे आले.

कावेरी फुलीवरच होती. दोन्ही हात अंगाला चिकटवलेले, हनुवटी वर, आणि नजर थेट माझ्यावर.

“आई, तू मधेच बोललीस,” ती म्हणाली. “आता परत काळोख कर.”