भात्याचा दांडा

“वारा संपला, की तुझा हात थांबला?” फादरांनी मला विचारलं.

“वारा संपला. हात थांबला नाही.”

“हात चालू असताना वारा संपेल कसा, रेजिन?”

आता याला काय उत्तर देणार? मी पुन्हा तेच सांगितलं. कुणी विश्वास ठेवला नाही. फादरांनी नाही, कमिटीने नाही, माझ्या सख्ख्या जावेने नाही. जाऊ म्हणाली, डुलकी लागली असेल, वय झालं तुझं. मी म्हटलं, वय तुझ्या म्हशीचं झालंय, माझं नाही.

आमच्या चर्चच्या वरच्या माळ्यावर जुना नळ्यांचा ऑर्गन आहे. तो वाऱ्यावर चालतो. पुढे बसणारा हातांनी पट्ट्या दाबतो, पायांनी खालच्या लांब पट्ट्या दाबतो, आणि मागे लाकडी फळीआड कुणीतरी भाता मारतं. लोहाराचा असतो तसा भाता, पण चांगला खाटेएवढा. ते कुणीतरी म्हणजे मी. माझ्याआधी माझा बाप. चौथीनंतर माझी शाळा सुटली. फळीआड जे ऐकलं ते पाचवीत कुणी ऐकवलं नसतं, म्हणून मी रडत बसले नाही.

पुढच्या बाकावर आग्नेल मास्तर बसायचे. वाजवायच्या आधी ते मान वळवून विचारायचे, “रेजिन, वारा आहे?” मी म्हणायची, “आहे, मास्तर.” मग सुरू.

एकदा मी विचारलं, हे फ्यूग फ्यूग म्हणता ते काय असतं?

मास्तर म्हणाले, “घरात चार माणसं आहेत समज. एक जण एक वाक्य बोलतो. त्याचं होतंय तोवर दुसरा तेच वाक्य वरच्या आवाजात धरतो. मग तिसरा. मग चौथा, पायाखालून. चौघं एकदम बोलतात आणि चौघांचंही ऐकू येतं.”

“आमच्या घरात पण चौघं एकदम बोलतात. ऐकू कुणाचंच येत नाही.”

“म्हणून तर ही फ्यूगं रचणारा बाख मोठा,” मास्तर म्हणाले.

मास्तरांची बोटं वाकडी व्हायला लागली तेव्हा त्यांनी बाक सिरीलला दिला. सिरील घोन्साल्विस त्यांचाच चेला. खोटं कशाला बोलू, पोराचा हात देवाने फुरसतीत घडवलेला. लहान असताना एकदा तो धावत फळीमागे आला होता, माझ्याबरोबर दांडा धरायला. मास्तरांनी मनगटाला धरून त्याला परत बाकावर नेऊन बसवलं. म्हणाले, “तुझे हात यासाठी नाहीत.” त्यानंतर तो फळीमागे कधी आला नाही.

पुढे तो जर्मनीला जाऊन शिकून आला. आल्यावर त्याला फळीवर जुन्या काळची एक घंटी सापडली. तिला त्याने दोरी बांधून घेतली. घंटी वाजली की मी भाता मारायचा. बोलायचं कामच नाही.

सणाच्या मिस्सेला, म्हणजे चर्चमधल्या मोठ्या प्रार्थनेला, त्याने बाखचं मोठं फ्यूग काढलं. पहिल्यापासून सगळ्या खुंट्या ओढलेल्या. एक खुंटी ओढली की नळ्यांची एक रांग उघडते. सगळ्या ओढल्या की अख्खा ऑर्गन एकदम वारा पितो. माझ्यासमोर दोरीला शिशाचा गोळा लोंबतो. तो लाल रेघेवर चढला की समजायचं, वारा संपत आला. गोळा चढत गेला. मी दोन्ही हातांनी मारलं. अंग टाकून मारलं. गोळा रेघ ओलांडून गेला. शेवटचा लांब सूर चालू होता. तो आधी कण्हला, मग खाली बसला, आणि मग... बकरीच्या गळ्यावर सुरी ठेवल्यासारखा आवाज होऊन ऑर्गन बंद पडला.

खाली बिशप बसलेले.

सिरील जिन्यावरून उतरला आणि फादरांना म्हणाला, “भाता थांबला.” तो खोटं बोलला असं मी म्हणत नाही. त्याला खरंच तसं वाटलं.

फादरांनी ठरवलं, येत्या रविवारी मिस्सेनंतर सिरीलने लोकांपुढे उभं राहून सांगायचं की चूक कुणाची झाली. नाव घेऊन सांगायचं. नाव कुणाचं येणार ते सगळ्यांना ठाऊक होतं. त्यानंतर दांडा माझ्या हातून जाणार.

शुक्रवारी दुपारी मी माळ्यावर गेले. दांड्याला माझं फडकं गुंडाळलेलं असतं, घामाने हात घसरू नये म्हणून. ते सोडून आणायला गेले. लोकांदेखत सोडायला मला जमलं नसतं.

वर आग्नेल मास्तर बाकावर बसून दम खात होते. त्यांना तो जिना आता झेपत नाही. शेजारी सिरील उभा.

“मास्तर, तुम्हीच सांगा, माझं चुकलं कुठे?” तो विचारत होता. “बाख नवा ऑर्गन तपासायला गेला की आधी सगळ्या खुंट्या ओढायचा असं सांगतात. म्हणायचा, याची फुप्फुसं कशी आहेत ते बघू. मी काय वेगळं केलं?”

“फुप्फुसं बघायचा,” मास्तर म्हणाले. “आणि मग?”

“मग... वाजवायचा.”

“हं.”

“म्हाताऱ्या बुक्स्तेहुडेचा ऑर्गन ऐकायला तो शेकडो मैल चालत ल्युबेकला गेला. मी पण घरदार सोडून गेलोच ना, मास्तर? एकेक ओळ तिथे घासून घेतलीय. माझ्या बोटांत चूक नव्हती.”

“नव्हती,” मास्तर म्हणाले. “बोटांत नव्हती.”

सिरीलचा चेहरा खुलला.

“ल्युबेकला भाता कोण मारत होतं?” मास्तरांनी विचारलं.

“कधी?”

“बाख ऐकत होता तेव्हा.”

सिरील हसला. “ते कोण लिहून ठेवतं, मास्तर?”

“हं.”

मी फळीआडून म्हटलं, “माझं पण काही लिहून ठेवू नका. फक्त खोटं सांगू नका.”

“रेजिन आहे का तिकडे?” मास्तर म्हणाले. “बरं झालं. फडकं सोडू नकोस. इकडे ये.”

मी पुढे आले.

“इथे माझ्याशेजारी बस. सिरील, तू मागे जा.”

“मी?”

“भाता मार. मी तेच फ्यूग वाजवतो.”

“सगळ्या खुंट्या ओढून?”

“शेवटाला सगळ्या.”

सिरील मागे गेला. मला वाटलं, चांगलं झालं, कळेल आता. पण मास्तरांनी पट्ट्यांवर हात ठेवला आणि मी सिरीलला विसरलेच.

ऑर्गन वाजताना मी पुढून कधी पाहिला नव्हता. भाता मारणाऱ्याला ते दिसत नाही. बोटं पट्ट्यांवर कशी पडत असतील ते मी आयुष्यभर ऐकून ओळखलं होतं. ती उचलली कशी जातात ते मी त्या दुपारी पाहिलं. वाकडी, गाठी आलेली बोटं. दर ओळीच्या शेवटी ती एवढीशी वर यायची, पोळी तव्यावरून सोडवावी तशी, आणि पुन्हा खाली. एक माणूस बोलला. दुसऱ्याने धरलं. तिसरा आला. दोन खुंट्या मास्तरांनी मध्येच आत ढकलल्या, पुढे गेल्यावर पुन्हा ओढल्या. मग पायाखालून चौथा आला आणि माझ्या बसल्या बाकाचं लाकूड थरथरलं.

माझ्या डोळ्यांत पाणी आलं. मी पुसलं नाही. कोण बघत होतं?

शेवटचा लांब सूर आला. सगळ्या खुंट्या ओढलेल्या. सूर उभा राहिला, खांबासारखा. हलला नाही. मग मास्तरांनी हात उचलला. वर कौलांत बसलेली कबुतरं उडाली.

सिरील फळीमागून आला. शर्ट भिजलेला, तळवे लाल.

“वारा पुरला!” तो म्हणाला.

“पुरला,” मास्तर म्हणाले.

“म्हणजे माझ्या हाताने मारला तेव्हा पुरला. मग सणाला चूक भात्याचीच होती ना?”

मी तो दांडा उपटून त्याच्या डोक्यात घालणार होते. उठलेसुद्धा. मास्तरांनी माझ्या पदराचं टोक धरलं.

“बस, रेजिन.”

“मास्तर, हा काय बोलतोय ऐकलंत ना?”

“ऐकलं. बस.”

मग ते स्वतः उठले. एक हात बाकावर, एक हात फळीवर टेकत टेकत मागे निघाले.

“मास्तर, कुठे?” सिरील म्हणाला.

“तू वाजव. मी भाता मारतो.”

“तुम्ही? अहो, तुम्हाला जिना चढून अजून...”

“तेच फ्यूग.”

“मास्तर, नको. डॉक्टर काय म्हणाले विसरलात? मारू दे ना तिला.”

“तिच्याने वारा पुरत नाही म्हणतोस ना?”

सिरील वाटेतून बाजूला झाला.

मी आडवी गेले. म्हटलं, “मास्तर, माझं नाव घेऊ दे त्याला रविवारी. मला चालेल. तुम्ही दांड्याला हात लावू नका.”

“बाजूला हो, बाय,” मास्तर म्हणाले. फळीमागे जाऊन त्यांनी माझं फडकं गुंडाळलेला दांडा धरला.

सिरील बाकावर बसला. हात सवयीने घंटीच्या दोरीकडे गेला. तिथेच थांबला...

गुरूला घंटी कशी वाजवणार?

त्याने मान वळवली. फळीकडे तोंड करून म्हणाला, “मास्तर... वारा आहे?”

“आहे,” आतून आवाज आला.

सिरीलने खुंट्यांकडे पाहिलं. सगळ्या ओढलेल्या होत्या. त्याने त्या एकेक करून आत ढकलल्या. दोनच ठेवल्या.

एक माणूस बोलला. हळू. ओळ संपली तशी सिरीलने बोटं उचलली आणि तेवढ्यात कान मागे लावला. फळीआड दांडा खाली गेला, वर आला. मास्तरांचा श्वास मला पुढे बसून ऐकू येत होता. सिरीललाही येत असणार, कारण दुसरी ओळ त्याने त्या श्वासावर सुरू केली. तिसरीही. गर्दीची जागा आली तिथे त्याने एक खुंटी ओढली, पुढे पुन्हा आत घातली. त्याची मान सगळा वेळ फळीकडे कललेली. वाजवत होता पुढे आणि सगळा जीव मागे.

आणि काय वाजवलं पोराने! सणाला वाजवलं ते वीज पडल्यासारखं होतं, डोळे दिपतात आणि मग काहीच दिसत नाही. हे तसं नव्हतं. चार माणसं बोलत होती आणि चौघांचंही ऐकू येत होतं. मास्तरांच्या तोडीचं म्हणणार नाही. पण मास्तरांच्या घरचं होतं.

शेवटचा लांब सूर आला. त्याने एक हात पट्ट्यांवर ठेवून दुसऱ्याने खुंट्या ओढल्या, एकेक, थांबून थांबून. दर खुंटीला आतून दांड्याचा आवाज येईपर्यंत वाट पाहिली. सूर भरत गेला. भरला. मागचा श्वास आता जोरात ऐकू येत होता. सिरीलने सूर लांबवला नाही. उचलला.

वारा उरला होता. मी जाऊन गोळा पाहिला. रेघेच्या कितीतरी खाली.

मास्तर दांड्यावर ओणवे झाले होते. मी त्यांना धरून स्टुलावर बसवलं, पदराने वारा घातला. सिरील धावत फळीमागे आला. कितीतरी वर्षांनी आला.

“तुम्हाला काही होत नाही ना? मास्तर?”

मास्तरांनी हात हलवला. नाही.

तो तिथेच जमिनीवर बसला. आपल्या हातांकडे बघत राहिला, मग माझ्याकडे. पहिल्यांदा नीट बघितलं त्याने.

“रेजिनमावशी,” तो म्हणाला, “सणाला तू किती वेळ...”

“तू वाजवत होतास तितका वेळ,” मी म्हटलं.

खाली चर्चात कुणीतरी बाकं सरकवत होतं. मास्तरांचा दम हळूहळू खाली येत होता.

“मास्तर,” सिरीलने विचारलं, “मी रविवारी नाव कुणाचं सांगू?”

“माझं सांगितलंस तर बघ,” मी म्हटलं.

“तुझं नाही, मावशी. माझं सांगतो मी.”

“तुझं कशाला?” मास्तर म्हणाले.

“मग कुणाचं? सणाला तिसरं कोण होतं इथे?”

मास्तरांनी दांड्यावरचा हात सोडवला. उलटा केला. तळवा लाल झाला होता, मधोमध सोलवटला होता. इतकी वर्षं पट्ट्यांवर फिरलेला मऊ हात. तो त्यांनी सिरीलच्या लाल तळव्याशेजारी धरला, मग माझा हात ओढून त्या दोघांशेजारी. माझा काळा, घट्टे पडलेला. तिन्ही हातांकडे ते बघत राहिले...

“काय सांगू, मास्तर?”

“नाव सांग.”

“कुणाचं? लोक विश्वास ठेवणार नाहीत असलं काही सांगू नका.”

“हिच्यावर तरी कुठे ठेवला?” मास्तर म्हणाले. “तुला मनगट धरून फळीमागून ज्याने नेलं, त्याचं सांग. मोठ्याने सांग, शेवटच्या बाकापर्यंत ऐकू जाऊ दे. आग्नेल डिमेलो.”