काट्यावरची कालची रात्र

भल्या सकाळी गडावर आलेल्या जोशीबुवाने आपल्या पितळी कालयंत्रावर किल्लेदार हैबतरावांची मरणघटका दाखवली, तेव्हापासून हैबतराव नुसत्या येरझाऱ्या घालत होते.

"काटा फिरवून काळ मागे नेतो," जोशीबुवा म्हणाला, "पण तुमची लेक सगुणा मला द्या."

आबा आता हो म्हणणार, या धास्तीने सगुणा पुढे झाली. "बुवा, आधी कालची रात्र आणून दाखवा."

त्याने ऐटीत काटा फिरवला. "ही घ्या, झाली कालची रात्र!"

"म्हणजे गडाचा दरवाजा बंद, आणि तुम्ही अजून बाहेरच," सगुणा म्हणाली. "हवालदार, रात्री गडावर परका माणूस नको. यांना खाली सोडून या."

हवालदाराने दंड धरताच जोशीबुवा ओरडला, "अहो, पण आत्ता भरदुपार आहे!"

हैबतरावांच्या येरझाऱ्या थांबल्या.