बिननावाचा दिवस

डोहावर झुकलेला तो काळा कातळ दिसतो ना, तो हाळीचा कातळ. चढा, बघा, पण वाकून पाण्यात डोकावू नका. हसू नका हो पाहुणे, म्हाताऱ्याचं ऐकावं माणसानं. तुमच्या दर्यापलीकडच्या मुलखात आभाळात चंद्र असतो म्हणे, वाढतो, घटतो, आणि त्यावर तुम्ही महिने मोजता. आमच्या निळोख खोऱ्याच्या आभाळाला चंद्र नाही. म्हणून इथं महिना नाही की तिथी नाही. वर्षातल्या एकेका दिवसाला माणसासारखं स्वतःचं नाव आहे. कोंभ, ओलेती, दुधाळ, झडझोंबी, असं. पहाटे हाळकरीण कातळावर चढून दिवसाचं नाव घेते, घराघरातून ‘आला गं, आला’ अशी ओ येते, आणि मग कुठं दिवस सुरू होतो. तोवर कुणी चूल पेटवत नाही, गाय पिळत नाही. फक्त वर्षाच्या शेवटच्या दिवशी हाळी नाही. त्या दिवसालाही नाव होतं. मला ठाऊक आहे. विचारू नका, सांगणार नाही.

पहिली माणसं आली तेव्हा या खोऱ्यात पाण्याचा टिपूस नव्हता, असं सांगतात. तेव्हा इथल्या कोरड्या खळग्यातून एक बाई बोलली. पाणी देते म्हणाली, पण वर्षाचा शेवटचा दिवस माझा, आणि त्या दिवशी जन्मलेलं माणूसही माझं. तहानेनं जीव कासावीस झालेली माणसं ती, ‘घे बाई’ म्हणून मोकळी झाली. डोह भरला. तिचं नाव आम्ही घेत नाही, नुसतं ‘खालची’ म्हणतो. त्या दिवशी जन्मलेल्या पोराचे दुधाचे दात पडायला लागले, की त्याच्या जन्मदिवशी खालची वर यायची. पहाटे हाळी व्हायची, घरं ओ द्यायची, आणि दिवस मावळेपर्यंत त्या घरात पोराचं अंथरूण तेवढं ओलंचिंब उरायचं. आई ऊर बडवायची. दुसऱ्या दिवशी गाव पुन्हा त्याच डोहावर पाण्याला जायचं. करतात काय बिचारे!

त्या काळी भिवरा नावाची हाळकरीण होती. तिची एकुलती एक लेक राही नेमकी त्याच दिवशी जन्मलेली. राहीचा पहिला दात हलायला लागला, आणि भिवरा दिवस मोजू लागली. येत्या शेवटच्या दिवशी तीच कातळावर चढणार, तीच नाव घेणार, म्हणजे आपल्याच तोंडानं लेकीला हाक मारून त्या बयेच्या स्वाधीन करणार. अन्न गोड लागेना. मग म्हणे एकदा पाणी भरताना तिच्या मनात आलं, की एवढ्या खोल तळाशी ऊन तर पोचत नाही.

“अहो, खालचीला दिवस कळतो कशावरून?” तिनं नवऱ्याला, दगडूला विचारलं. “माझ्या हाळीवरूनच ना? मी नावच घेतलं नाही तर?”

“आणि दिवस उगवलाच नाही तर गं?” दगडूनं उलट विचारलं.

कारण हाळीवाचून दिवस काढायची छाती आजवर कुणाची झाली नव्हती. भिवरा दारोदार पदर पसरत फिरली. त्या दिवशी नाव काढू नका, कुणी विचारलं तरी सांगू नका. जुनी खोडं अंगावर धावून आली, “एका पोरीपायी सगळ्यांना बुडवतेस काय!” ज्या बायांची पोरं गेली होती त्या मात्र तिच्यामागे येऊन उभ्या राहिल्या. मग गाव कबूल झालं.

तो दिवस आला. राहीला दगडूच्या हवाली करून भिवरानं बाहेरून कडी घातली. कातळ रिकामा दिसला तर कुणीतरी सवयीनं चढेल आणि नाव घेऊन बसेल, म्हणून ती स्वतःच जाऊन बसली. तोंडात पदराचा बोळा. सूर्य वर आला तेव्हा तिला रडूच फुटलं. पण खाली एकाही घरातून धूर नाही, एक कुत्रं भुंकेना. वारा नसताना डोहाचं पाणी हललं, आणि पुन्हा आरशासारखं थिजलं. थोड्या वेळानं तिचा डावा खांदा गार पडला. शेवाळाचा वास आला. मान वळवायची तिची हिंमत होईना.

तेवढ्यात पायवाटेवरून आवाज आला. “आई! अगं आई, आज दिवस कोणता गं?”

राहीचाच आवाज. पण राही तर घरात कोंडलेली! ही खालचीच, भिवराच्या मनानं घेतलं, लेकीचा आवाज काढून माझ्याकडून नाव वदवून घेतेय. आवाज जवळ आला, रडायला लागला. “आई, ओ दे ना गं. मला भीती वाटतेय. दिवस सांग ना, आज माझाच दिवस ना?” जन्मभर विचारणाऱ्याला दिवस सांगत आलेली बाई ती. नाव ओठांशी आलं. तिनं डोळे गच्च मिटले आणि जीभ इतकी चावली, की बोळा रक्तानं भिजला. दिवस मावळेपर्यंत ती हलली नाही.

अंधारून आल्यावर ती धावत घरी गेली. राही उंबऱ्यावर बसली होती, डोळे सुजलेले, पाय चिखलानं माखलेले. बापाचा डोळा लागला तशी पोरगी मागच्या झरोक्यातून निसटली होती.

“मी एवढ्या हाका मारल्या,” राही हुंदके देत म्हणाली, “तू ओ का नाही दिलीस?”

भिवरानं लेकीला पोटाशी ओढलं. राही तिच्या कुशीत पुटपुटली, “आणि तुला खेटून बसलेली ती ओली बाई कोण गं, आई? सारखी तुझ्या तोंडाकडे बघत होती.”

डोह आटला नाही. दिवस तिचाच राहिला, फक्त तो कोणता हे तिला कुणी सांगत नाही. आजही त्या दिवशी आमच्या खोऱ्यात पोर हाका मारतं आणि आई ओ देत नाही. तान्ही रडून रडून झोपतात, आयांचा जीव तुटतो, पण तोंड उघडत नाही; चुकून नाव निसटलं, तर खेटून बसलेली ती ऐकेल. दुसऱ्या पहाटे हाळकरीण नव्या वर्षाच्या पहिल्या दिवसाचं, कोंभचं नाव घ्यायला उभी राहते, पण आधी थांबते. प्रत्येक आई दारात येऊन आपल्या लेकराला नावानं हाक मारते. घराघरातून ओ येत जाते. एखाद्या घरातून यायला जरा उशीर झाला ना पाहुणे, की अख्खं गाव त्या दाराकडे बघत श्वास रोखून उभं असतं.