शिखरावरची सोबत

एका राज्यात एक डोंगर होता आणि त्याच्या पोटात आग होती. एका मांत्रिकाने त्याला शाप दिला होता, 'सोबत असेल तोवरच झोपशील.' म्हणून तिथे रीत पडली. एक माणूस शिखरावर जाऊन बसे आणि जन्मभर डोंगराशी बोलत राही. तो निघाला, की त्याच दिवशी गाव त्याचे तेरावे जेवून घेई. पुन्हा रडायला नको! धन्य ती माणसे.

बारा वर्षांपूर्वी मणिधर शिखरावर गेला. त्याची धाकटी बहीण हेमकला तेव्हा जेवली आणि खेळायला पळाली. मोठेपणी मात्र तिला ते जेवण आठवले, की घास उतरेना. एके सकाळी ती डोंगर चढू लागली.

पायथ्याशी काळा कातळ होता, थरावर थर. एकेक थर म्हणजे जुन्या आगीचा एकेक पूर. तिथे एक साळुंकी बोलली, "वर जायचे तर पाण्यावर तरंगणारा दगड आण."

हेमकलेने अनारशासारखा जाळीदार दगड शोधून ओढ्यात सोडला. तो तरंगला.

मधल्या टप्प्यावर नुसती राख. दोन पावले चढावे, एक घसरावे.

"आता तोंड दिसेल असा दगड आण," साळुंकी म्हणाली.

राखेत काचेसारखा काळा दगड सापडला. त्यात हेमकलेला फक्त आपले तोंड दिसले. तिला फार एकटे वाटले.

माथ्यावर पिवळा गंधक आणि वाफा होत्या. डोंगराच्या मुखाशी मणिधर बसला होता, कमरेपर्यंत दगड झालेला, हळू बोलत.

"तिसरे काम," साळुंकी म्हणाली. "खरे सांग. हा मेला, हे कोणी ठरवले?"

"आम्ही. मीही जेवले, दादा."

मणिधर थांबला. "गोड काय होते?"

"लाडू."

"मला आवडायचे."

हेमकला हमसून रडली. "दादा, घरी चल!" मेलेल्याला कोणी घरी बोलावत नाही. तिने बोलावले, तसा त्याच्या कमरेचा दगड तडकला आणि मणिधर उभा राहिला.

दोघे खाली पोचतात तोच, सोबत सुटल्याने डोंगर जागा झाला आणि जमीन हादरू लागली. राजा विजयकेतूने जुनी रीत मोडली. आठ-आठ दिवसांच्या पाळ्या लावल्या, तेरावे बंद केले आणि पहिल्या पाळीला स्वतः चढला. डोंगर निजला.

आठव्या दिवशी राजा उतरू लागला, तेव्हा दुसऱ्या पाळीला कोणी पुढे येईना. मणिधर उठला.

"तू कशाला, दादा?" हेमकला म्हणाली.

"बारा वर्षे माझे ऐकले डोंगराने. आता तो एकटा आहे."

तो गेला आणि आठ दिवसांची पाळी संपवून नवव्या दिवशी घरी जेवायला आला. त्याला घर लाभले, तसे ते सर्वांना लाभो.