सात गावे हिंडून आलेली गोष्ट

एकदा एका नदीकाठी एक आगळाच पंथ उदयाला आला. त्याचे नाव चलकथा पंथ. एका जागी बसलेली गोष्ट आंबते आणि हिंडणारी गोष्ट शहाणी होते, असे त्यांचे तत्त्व. दीक्षा घेणाऱ्याने आपल्या मनावरची सर्वांत जड गोष्ट एखाद्या वाटसरूला सांगायची, वाटसरूने ती सात गावांत सांगायची, आणि वर्षाने परत आली की मूळ मालकाने ती निमूट ऐकायची. मध्ये अवाक्षर काढायचे नाही. ऐकायला सोपे वाटते! आपल्याच घरची गोष्ट दुसरा कुणी भलतीच रंगवत असताना गप्प बसून पाहा, म्हणजे कळेल.

या पंथाच्या वृद्ध आचार्यांकडे एक शिष्य आला. तो नावाड्याचा मुलगा. वीस वर्षांपूर्वी ऐन पुरात त्याच्या वडिलांनी भर नदीत होडी सोडून पाण्यात उडी घेतली होती. उतारू कसेबसे काठाला लागले. नावाडी मात्र परत आलाच नाही. ‘स्वतःचा जीव घेऊन पळाला,’ असे गाव ठरवून बसले होते. त्या दिवसापासून शिष्याच्या आईने घाटावर पाऊल टाकले नव्हते.

“आचार्य, ही गोष्ट मला पुरून टाकायची आहे,” शिष्य म्हणाला, “आणि तुम्ही ती गावोगाव पोचवा म्हणता?”

आचार्यांनी रस्त्याने चाललेल्या मिठाच्या व्यापाऱ्याला हाक मारली. “शेठजी, तुमच्या बैलांना आणखी थोडं ओझं चालेल का?”

शिष्याने मान खाली घालून सगळे सांगितले. त्या दिवशी त्याला आचार्यांचा मनस्वी राग आला, आणि तो वर्षभर टिकला.

वर्षाने व्यापारी परत आला. अंगणात माणसे जमली. शिष्य ओठ घट्ट मिटून बसला.

“पहिल्या गावात नदी जरा रुंद झाली,” व्यापारी सांगू लागला. “तिसऱ्या गावात तिच्यात एक मगर शिरली. मी नाही हो घातली, ऐकणाऱ्यांनी घातली! पाचव्या गावात तर मगरीला पिल्लं झाली.”

लोक हसले. शिष्याच्या कानशिलांवरच्या शिरा तटतटल्या, पण तो बोलला नाही.

“सहावं गाव नदीच्या खालच्या अंगाला. तिथं गोष्ट अर्ध्यावर आली आणि एक बाई उभी राहिली. सात वर्षांची असताना ती इकडं वरती आजोळी आली होती आणि पुरात वाहून चालली होती. एका माणसानं तिला पाण्यात धरलं. बरंच खाली गेल्यावर एक झाड हाती लागलं. त्यानं आपलं मुंडासं सोडून तिला फांदीला बांधलं. तेवढ्यात मोठा लोंढा आला आणि तो दिसेनासा झाला. कोण, कुठला, कुणालाच कळलं नाही. मुंडासं मात्र तिनं जपून ठेवलंय. मी डोळ्यांनी पाहिलं. त्याच्या टोकाला एक लाल ठिगळ आहे, आकार कसा, तर—”

“माशासारखा!” शिष्य ताडकन उठून ओरडला. “आईनं शिवलं होतं! मी शेजारी बसलो होतो!”

ठिगळाचे त्याने कधी कुणाला सांगितले नव्हते. अंगणात एकच गलका झाला. आचार्य तर टाळ्याच पिटू लागले. “नियम मोडलास! छान मोडलास!”

शिष्य रडत होता आणि हसतही होता. मग तो एकाएकी थबकला. “पण आचार्य, मगरसुद्धा याच गोष्टीत आली. मग हे तरी खरं कशावरून?”

आचार्य म्हणाले, “मगर कुठल्याही गोष्टीत शिरते, बाळा. लाल मासा फक्त याच गोष्टीचा होता. होडीतल्यांनी उडी पाहिली, ती कशासाठी हे त्यांना दिसलं नाही. ते खोटं बोलले नाहीत, पण अर्ध्यावर थांबले. गोष्ट हिंडते ती आपली राहिलेली माणसं शोधायला. तू ती पुरली असतीस, तर ही बाई तिला कुठं भेटली असती? जा, आता आईला सांग. आणि ती मध्ये बोलली, तर तिला अडवू नकोस.”

शिष्य अनवाणीच घराकडे पळाला.

आईने सगळे ऐकले. “म्हणजे आता ते यायचे नाहीत,” एवढेच म्हणून ती खूप वेळ रडली. मग डोळे पुसता पुसता तिला हसू फुटले.

“मासा मी उलटा शिवला होता रे. उसवायला निघाले, तर म्हणाले, राहू दे, तो पाण्याच्या उलट पोहतोय.”

हे शिष्याला माहीत नव्हते. तो काही बोलणार, तोच आई उठली, तिने पदर सावरला आणि घागर कमरेवर घेतली.

“चल,” ती म्हणाली, “घाटावर बायका असतील. त्यांना मीच सांगते.”